ती क्लिप आपल्यापर्यंत आणली कुणी?

शेवग्याचीशेंग
मंडळी, प्रश्न साधाच आहे, पण आधी थोडं पाल्हाळ.

आमच्या घरच्या ग्रुपवर अठ्ठावीस माणसं आहेत. सगळ्यांत धाकटा माझा भाचा, आठवीतला. (त्याला ग्रुपवर कशाला घेतलं, हे विचारू नका. आजोबांना फोटो उघडून देणारा तोच.) फेब्रुवारी २०२५ मध्ये यूट्यूबवरच्या 'इंडियाज गॉट लेटेंट' या विनोदी कार्यक्रमाचं प्रकरण झालं तेव्हा या अठ्ठाविसांत तो कार्यक्रम माहीत असलेले फार तर दोघं असतील. पॉडकास्टवाला रणवीर अलाहबादिया तिथे आईवडिलांवरून जे काही बोलला, ते ग्रुपवर टाकलं कुणी? आमच्या सुमनमावशीने. वय ६७, रोज सकाळी सातला दासबोधातली ओवी टाकणारी. क्लिपखाली लिहिलेलं, 'काय ही संस्कृती! जास्तीत जास्त लोकांपर्यंत पोचवा, म्हणजे यांना अद्दल घडेल.'

पोचवलं सगळ्यांनी. रात्री जेवताना भाच्याने त्या वाक्याचा अर्थ मावशीलाच विचारला.

आता परवा पुन्हा तेच. कुणी एक रीलस्टार जोडपं रस्त्यात भांडतंय, बायको चप्पल काढते वगैरे. मावशीचा निषेध आणि खाली क्लिप. तर प्रश्न असा : असं काही आलं की तुम्ही काय करता? बोललं तर पसरतं, गप्प बसलं तर आपण षंढ. मधला मार्ग कुणाला सापडलाय का?

रिकामटेकडा
पॉपकॉर्न घेऊन बसलोय. धागा शतक मारणार.

काळाकोट
लेटेंट प्रकरणाचा क्रम एकदा नीट लावून बघा, म्हणजे मावशी एकट्या पडणार नाहीत. तो भाग आला, दोन दिवसांत मुंबई, गुवाहाटी, मग जयपूर अशा तक्रारी झाल्या. केंद्राच्या सूचनेवरून यूट्यूबने तो भाग अडवला, १२ फेब्रुवारीला कार्यक्रमवाल्या समय रैनाने तर सगळेच भाग काढून टाकले. म्हणजे मूळ वस्तू चार दिवसांत बाजारातून गेली. तरी त्यापुढचे पंधरा दिवस देशाने पाहिलं काय? तीच क्लिप. चॅनेलवर 'बीप' घालून, खाली लाल पट्टी लावून, चौघांच्या चर्चेत मागे फिरती ठेवून. १८ तारखेला सर्वोच्च न्यायालयाने अलाहबादियाला अटकेपासून संरक्षण दिलं, पासपोर्ट जमा करायला लावला आणि सणसणीत कानउघाडणीही केली. ३ मार्चला पॉडकास्ट पुन्हा सुरू करायची परवानगी मिळाली, सभ्यतेच्या अटीवर.

याच माणसाला बरोबर अकरा महिन्यांपूर्वी, मार्च २०२४ मध्ये, राष्ट्रीय क्रिएटर्स पुरस्कार पंतप्रधानांच्या हस्ते मिळाला होता. गट, 'डिसरप्टर ऑफ द इयर'. पुरस्कार सार्थ केला म्हणायचं.

निशिगंध७२
शेंगताई, तुमच्या मावशींना नावं ठेवू नका. निदान त्यांना चीड येते. आमच्या सोसायटीत असलं काही आलं की तरुण मंडळी दात काढणारे इमोजी टाकून पुढे सरकतात. वाईटाला वाईट म्हणायचंच नाही, हे कुठलं शहाणपण?

जाहिरातवाला
सात वर्षं एका एजन्सीत हेच काम करतोय, तेव्हा शिव्या खायच्या तयारीने लिहितो.

निशिगंध, चिडण्याबद्दल प्रश्नच नाही. पण मावशी म्हणजे आमच्या धंद्यात सोनं. इन्स्टाग्रामचा प्रमुख अ‍ॅडम मोसेरी याने स्वतः सांगितलंय की रील पुढे ढकलायची की नाही हे ठरवताना तीन गोष्टींना सर्वांत जास्त वजन असतं : किती वेळ पाहिलं, किती लाइक पडले आणि किती जणांनी ती दुसऱ्याला पाठवली. अनोळखी माणसांपर्यंत पोचायचं तर तिसरी गोष्ट भारी. पाठवणारीने कौतुकाने पाठवलं की संतापाने, हे त्या तराजूत उतरत नाही.

फेसबुकने तर २०१७ मध्ये रागावलेल्या चेहऱ्यासकट सगळ्या इमोजींना साध्या लाइकच्या पाचपट वजन दिलं होतं. रागाचं वजन पुढे शून्यावर आणलं, पण त्यात तीन वर्षं गेली. आणि जुलै २०२३ मध्ये ट्विटर म्हणजे आताचं एक्स हे पोस्टखालच्या उत्तरांमध्ये दिसणाऱ्या जाहिरातींतून पैसे वाटायला लागलं. उत्तरं कशावर जास्त येतात? सूर्यास्ताच्या फोटोवर येतात का?

आता घरचं उदाहरण. एका मिक्सरसाठी पुरणपोळीची रील केली होती. मुलीला पुरणात वाटीभर साखर घालायला लावली. गूळ शेजारीच ठेवला, दिसेल असा, पण हात लावायचा नाही. मी स्वतः ती ढेप दोनदा सरकवून फ्रेममध्ये आणली. दोन दिवसांत कमेंटी चार हजारांच्या वर. 'आमच्याकडे साखरच', 'साखर घालणाऱ्यांना पुरण काय कळणार', 'अर्धी साखर अर्धा गूळ', मग कटाच्या आमटीत कोण काय घालतं, मग एकमेकांच्या जिल्ह्यांचा उद्धार. मिक्सर कुणाचा होता हे क्लायंट सोडून कुणाच्या लक्षात नाही. पण आकडे बघून क्लायंट खूश.

ढगाळवातावरण
एक मिनिट. निळ्या कुर्त्यातली मुलगी? मागे तांब्याचा पिंप? त्या रीलखाली मी दोन परिच्छेद लिहिले होते हो! ऑफिसची मीटिंग चालू असताना!!

जाहिरातवाला
@ढगाळवातावरण, आपले आभारी आहोत.

रिकामटेकडा
=)) =)) दिवसाचा प्रतिसाद.

संगणकमास्तर
जाहिरातवाल्यांचं बरंचसं मान्य, पण एक गफलत होतेय. मावशींनी क्लिप व्हॉट्सअ‍ॅपवर फाइल म्हणून टाकली असेल तर इन्स्टाग्रामला किंवा यूट्यूबला त्याचा पत्ताच नाही. त्यांचा तराजू हलतो तो त्यांच्याच अ‍ॅपमधून लिंक पाठवली तर. फाइल म्हणजे झेरॉक्स, मूळ पुस्तकाच्या खपात ती धरत नाहीत. तेव्हा मावशी तांत्रिकदृष्ट्या निर्दोष.

जाहिरातवाला
निर्दोष नाहीत, जामिनावर. फाइल बघून अठ्ठावीसपैकी दहा जण काय करतात? 'हा कोण बुवा' म्हणून नाव शोधतात. मग अ‍ॅप त्यांना त्याच माणसाच्या आणखी सहा रील दाखवतं. झेरॉक्स वाचून लोक पुस्तकाच्या दुकानात शिरतात.

बाकी ऑक्सफर्डने 'रेज बेट' (मुद्दाम चीड आणून प्रतिसाद ओढणारा मजकूर) हा २०२५ चा शब्द म्हणून निवडला. आमच्याकडे नवीन कॉपीरायटर पोरांना तो पहिल्याच आठवड्यात शिकवतात. मराठीत 'काडी टाकणे' कधीपासून आहे, पण आपल्याला कुणी विचारत नाही.

तात्यापंचे
माझं वय ७१, त्यामुळे अवांतर करायचा परवाना आहे.

२१ सप्टेंबर १९९५. गिरगावात ऑफिसला निघालो होतो, तर शेजारच्या चाळीतली माणसं हातात पेला-चमचा घेऊन रांगेत. गणपती दूध पितोय! बायकोला तिच्या बहिणीचा नागपूरहून फोन आलेला, तिला दिल्लीहून कुणाचा. मोबाइल नाही, इंटरनेट नाही, होता फक्त एसटीडीचा डबा. तरी दुपारपर्यंत बातमी लंडनच्या देवळात पोचलेली. मीही उभा राहिलो. चमचा सोंडेला टेकवला, दूध गेलं. पुढे शास्त्रज्ञांनी पृष्ठताणाने दूध ओढलं जातं वगैरे समजावलं, ते पटलंही. पण त्या दिवशी रांगेत शंका काढणाऱ्या एका गृहस्थाला आम्ही सगळ्यांनी मिळून गप्प केलं होतं, हे आता लिहायला हरकत नाही.

सांगायचं काय, तर लोकांना पसरवायची खाज आधीपासूनच. अ‍ॅपच्या नावाने कितीही बोटं मोडा.

संगणकमास्तर
तात्या, उदाहरण झकास. पण १९९५ मध्ये चमच्यामागे कुणाला पैसे मिळत नव्हते.

तात्यापंचे
गवळ्यांना मिळाले की. दुपारी दूध दुप्पट भावाने घेतलं मी.

बाजरीकर_न्यूजर्सी
अमेरिकी यूट्यूबर लोगन पॉलची आठवण झाली. ३१ डिसेंबर २०१७ ला या महाशयांनी जपानमध्ये फुजीच्या पायथ्याच्या आओकिगाहारा जंगलात आत्महत्या केलेल्या माणसाचा मृतदेह दाखवणारा व्हिडिओ टाकला. जगभरातून शिव्या पडल्या, त्याने व्हिडिओ काढला, माफी मागितली. यूट्यूबला त्याला मोठ्या जाहिरातींच्या यादीतून वगळायला १० जानेवारी उजाडला. आम्हाला वाटलं, संपला हा. आज काय? कुस्तीच्या डब्ल्यूडब्ल्यूईत चॅम्पियनशिपचा पट्टा जिंकून झाला, त्याने भागीत काढलेलं 'प्राइम' नावाचं सरबत माझा मुलगा शाळेत नेतो. त्या व्हिडिओचं सांगितलं तर म्हणतो, 'बाबा, ते जुनं झालं.'

शिव्यांनी कुणी संपत नाही हो. लक्षात राहतं नाव. शिव्या कशाबद्दल होत्या ते विसरतात.

गार्गी_वैद्यकीय
मी स्त्रीरोगतज्ज्ञ आहे आणि या विषयावर माझं मत आजही अर्धवट आहे, ते तसंच मांडते.

१ फेब्रुवारी २०२४ ला अंतरिम अर्थसंकल्पात ९ ते १४ वर्षांच्या मुलींना गर्भाशयमुखाच्या कर्करोगाविरुद्धच्या लसीला प्रोत्साहन देणार असं अर्थमंत्री म्हणाल्या. त्या दिवशी माझ्या ओपीडीत त्याबद्दल एकीनेही विचारलं नाही. २ तारखेला पूनम पांडेच्या इन्स्टाग्रामवर पोस्ट आली की ती याच कर्करोगाने गेली. सगळ्या वाहिन्यांनी न तपासता श्रद्धांजल्या वाहिल्या. ३ तारखेला बाई हजर, 'मी जिवंत आहे, जनजागृतीसाठी केलं.' मला इतकी चीड आली होती की दवाखान्यात चहा तसाच राहिला. याच आजाराने गेलेल्या एका पेशंटचा मुलगा त्याच आठवड्यात तिचे कागद न्यायला यायचा होता. त्याने ती बातमी कशी वाचली असेल?

आणि मग सोमवारी दोन आया आपापल्या मुलींना घेऊन आल्या. एकीने विचारलं, 'ती नटी खोटी मेली, पण लस खरी आहे ना?' खरी आहे. आपल्या पुण्यातच सीरममध्ये बनते. दोघींनाही दिली.

म्हणून ते कृत्य योग्य ठरलं असं मी मरेपर्यंत म्हणणार नाही. पण त्या दोन मुलींचे कार्ड माझ्या कपाटात आहेत.

निशिगंध७२
डॉक्टर, उत्तम प्रतिसाद. माझंही हेच म्हणणं की आरडाओरड्याने कधीकधी कामं होतात. रेवंत हिमतसिंगका आठवा, 'फूड फार्मर' नावाने व्हिडिओ करतो तो. एप्रिल २०२३ मध्ये बोर्नव्हिटातल्या साखरेवर बोलला. कंपनीने नोटीस पाठवली, त्याने व्हिडिओ काढून माफी मागितली. तोवर लोकांनी तो इतका फिरवला होता की बालहक्क आयोगानेच कंपनीला जाब विचारला. वर्षभराने सरकारने ऑनलाइन दुकानांना सांगितलं की असली पेयं 'हेल्थ ड्रिंक' या गटातून काढा. तेव्हा माझ्यासारख्यांनी फॉरवर्ड केलं नसतं तर?

काळाकोट
अनुमोदन, पण फरक बघा. तिथे पुढे पाठवण्यासारखं काहीतरी होतं, डब्यावरचे आकडे. खरं-खोटं कुणालाही घरातला डबा फिरवून तपासता येत होतं. रस्त्यातल्या चपलेत तपासायचं काय?

जाताजाता : पैसे घेऊन काहीही विकणाऱ्यांसाठी कायदा आहे. ग्राहक संरक्षण कायदा २०१९, दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीला १० लाखांपर्यंत दंड, पुन्हा केलं तर ५० लाख, शिवाय जाहिरात करणाऱ्यावर एक ते तीन वर्षं बंदी येऊ शकते. शेअर बाजारातल्या गुरूंसाठी सेबी आहे. ऑक्टोबर २०२३ मध्ये 'बाप ऑफ चार्ट'वाल्याला १७ कोटींहून जास्त रक्कम जमा करायला सांगितली. पण नुसत्या काडीवर कायदा नाही, आणि नसावाच. उद्या तात्यांनाच पहिली नोटीस यायची.

तात्यापंचे
येऊ द्या. फ्रेम करीन.

पडीक_कोथरूड
मे २०२० कुणी कसं काढलं नाही? यूट्यूबर कॅरी मिनाटीने टिकटॉकवाल्यांची खिल्ली उडवली, यूट्यूबने नियमात बसत नाही म्हणून तो व्हिडिओ उडवला, आणि त्याच्या भक्तांनी सूड म्हणून प्ले स्टोअरवर टिकटॉकला एक-एक तारा द्यायला सुरुवात केली. रेटिंग दोनच्याही खाली आलं. गूगलला लाखो रेटिंगं पुसावी लागली. मी लॉकडाऊनमध्ये रिकामा, मीही दिला तारा. आयुष्यात टिकटॉक उघडलेलं नव्हतं. जूनअखेर बंदी आली ती गलवाननंतर, पण आमच्या गच्चीवर चौघं जण 'आपण बंद पाडलं' म्हणून अजून मिरवतात.

काळामसाला
एवढं वाचून आज पहिल्यांदाच लिहितेय. सांभाळून घ्या.

आमचं साताऱ्यात मिसळीचं छोटं हॉटेल आहे, सहा टेबलं. नाव लिहीत नाही. दोन वर्षांमागे एक व्हिडिओवाला मुलगा आला. पैसे मागितले नाहीत, चांगला वाटला. 'काकू, तर्री परत एकदा ओता, वरून, हळू.' मी ओतली. 'आणखी एकदा.' चार वेळा ओतली. फरसाणाचा लगदा झाला, वाफेने त्याच्या फोनची काच धुरकटली, ती त्याने आमच्या टेबल पुसायच्या फडक्याने पुसली. एक घास खाल्ला, डोळे मिटून 'खतरनाक' म्हणाला आणि गेला. प्लेट तशीच.

पुढच्या रविवारी दीड-दोनशे माणूस दारात. आम्ही मटकी भिजवलेली चाळीस प्लेटची. साडेनऊला पातेलं रिकामं. पुण्याहून आलेली माणसं चिडणारच. आमचे हे दारात उभे राहून सांगत होते, 'संपली हो, संपली.' दहाव्यांदा का विसाव्यांदा आवाज चढला. तेवढंच एकाने टिपलं. 'गिऱ्हाइकाला हाकलणारा माजोरडा मिसळवाला' असं नाव देऊन टाकलं. आधीच्या कौतुकापेक्षा हे कितीतरी जास्त चाललं. खाली लोकांनी ह्यांची जात काढली, गाव काढलं, एकाने 'याला साताऱ्यातून हाकला' लिहिलं. ह्यांचा जन्म साताऱ्याचा.

आणि खरी गंमत पुढे आहे. गिऱ्हाईक कमी नाही झालं, वाढलं. माजोरडा मिसळवाला बघायला यायचे. दोन कॉलेजची पोरं तर म्हणाली, 'काका, एकदा ओरडा ना, रील करतो.' ह्यांना बीपीची गोळी आहे. दोन महिने गल्ल्यावर बसले नाहीत, मागे कांदे चिरत बसायचे. बाहेरचं मी आणि पोरगा बघायचो.

मला शिव्या देणाऱ्यांचा राग कमी आला. माझ्या सख्ख्या नणंदेने ती क्लिप आम्हालाच पाठवलेली, खाली लिहिलं होतं, 'बघा, दादाबद्दल काय बोलतात, सगळ्यांना दाखवलं मी.'

गार्गी_वैद्यकीय
काळामसाला, _/\_. आता कसे आहेत ते?

काळामसाला
बरे आहेत. गल्ल्यावर बसतात. मटकी आता साठ प्लेटची भिजवतो, त्याच्यावर नाही.

बे_दुणे_पाच
या प्रतिसादानंतर मला माझ्या पाच-सहा फॉरवर्डची आठवण झाली. नाव नाही सांगत.

खवचट_खान
सगळे एवढे शहाणे, तर मागच्या गणपतीत 'मोदकाच्या रीलचा निषेध' हा धागा ३०० प्रतिसादांवर कुणी नेला? पहिल्या प्रतिसादातच रीलची लिंक होती. मी त्यातली चीजवाली पारी बघून अजून सावरलेलो नाही.

संपादक मंडळ
मोदकाचा विषय त्या धाग्यावरच राहू द्यावा. मराठी-हिंदी रीलवाद इथे आणणारे दोन प्रतिसाद काढले आहेत.

शेवग्याचीशेंग
सगळ्यांचे आभार. अपडेट देते.

काल मावशीला फोन केला. जाहिरातवाल्यांचं पाठवण्याचं गणित सांगितलं, काळामसाला यांचा प्रतिसाद वाचून दाखवला. नणंदेपाशी आल्यावर मावशी गप्प झाली. मग म्हणाली, 'अगं, पण मग आम्ही बोलायचंच नाही का? तुम्ही पोरं तर कधी काही बोलतच नाही. मी टाकते म्हणून तरी कळतं कुणाला तरी वाईट वाटतंय.' याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. खरंय, मी आजवर त्या ग्रुपवर वाढदिवसाच्या केकपलीकडे काही टाकलेलं नाही.

पण तिने स्वतःच तोडगा काढला. आज सकाळी ओवीनंतर तिचा मेसेज : 'एका मुलाने म्हाताऱ्या भिकाऱ्याची टिंगल केल्याचा व्हिडिओ आला आहे. अत्यंत निंद्य. मी तो पाठवणार नाही. कृपया कुणी बघू नये.'

दुपारपर्यंत अकरा जणांनी तिला खासगीत विचारलं, 'कुठला गं?' त्यात माझी आई.

रिकामटेकडा
कुठला पण?

जाहिरातवाला
मावशींचा बायोडेटा पाठवा. गंभीरपणे विचारतोय.

ढगाळवातावरण
काळामसाला ताई, पुढच्या महिन्यात साताऱ्याला येतोय. नाव सांगू नका, शोधून काढतो.

काळामसाला
शोधा. दहाच्या आत या. सोमवारी बंद असतं.